तळवटातली हुंकारी

हुंकारी नावाचे खनिज मी अकराव्या वर्षी निर्माण केले. भूगर्भाच्या कोणत्याही पुस्तकात त्याची नोंद सापडणार नाही, कारण ते ज्या मुलखात मिळत असे तो तळवट नावाचा मुलूखही माझाच होता. तळवट आमच्या पायांखाली होता. भिलाईच्या तांबड्या मुरमाखाली, पाया ठोकणाऱ्या यंत्रांच्या धडधडीखाली, कारखान्याच्या नव्या चिमण्यांच्या बुंध्यांखाली. तिथले आकाश लाल मातीचे होते आणि चिमण्यांची मुळे त्या आकाशातून वडाच्या पारंब्यांसारखी लोंबत. आमच्याकडे तिन्हीसांजेला भट्टीतला वितळलेला मळ, ज्याला सगळे स्लॅग म्हणत, दूरच्या उतारावर ओतला जाई आणि क्षितिज नारिंगी होई, तेव्हा तळवटात पहाट फुटे. तिथली माणसे तोंडाने बोलत नसत, तळहातावर तळहात ठेवून बोलत. तिथे राजा नव्हता. देवही नव्हते, आणि ते का नव्हते हे पुढे येईल.

हुंकारी त्या मुलखात क्वचित मिळे, एका डोंगराच्या पोटात एक खडा. रंगाने काळी, पण त्या काळेपणाच्या आत आरसा चुरा होऊन मुरला असावा अशी रुपेरी चमक. आकाराच्या मानाने जड, हाताला थंड. ती मुठीत धरून काही सांगितले, की आपल्याला ज्याचा आवाज हवा असेल त्याच्या आवाजात ती ‘हूं’ म्हणे. त्याहून अधिक काही नाही. ती उत्तर देत नसे, सांत्वन करत नसे. ऐकते आहे, एवढेच कळवत असे.

आमच्या घरात हा हूं आईचा होता. माझी धाकटी बहीण तेव्हा साडेपाच वर्षांची होती, आणि जाग आल्यापासून डोळा लागेपर्यंत ती बोलत असे. मुंगी कुठून निघाली, कुठे गेली, नळाला पाणी आले तेव्हा आधी वारा कसा आला, शेजारच्या काकूंची चप्पल कुत्र्याने कशी पळवली. आई चुलीपुढे पाठमोरी बसून पोळ्या लाटत असे आणि प्रत्येक वाक्याला हूं देत असे. तो हूं नाकातून निघे आणि शेवटी किंचित वर चढे, जणू पुढचे ऐकण्यासाठी मान उचललेली. मी त्या काळात फारशी बोलत नसे. माझ्या वाट्याचे हूंही बहिणीलाच मिळत.

बाबा रशियनांच्या मदतीने उभ्या राहिलेल्या पोलाद कारखान्यात खनिजाचे नमुने घेत. राजहऱ्याच्या डोंगरातून लोहखनिजाने भरलेल्या रेल्वेच्या वाघिणी येत. त्यातल्या मालाचा ढीग करायचा, तो चपटा करायचा, लाकडी पट्टीने त्याचे चार भाग पाडायचे, समोरासमोरचे दोन ठेवायचे आणि दोन टाकून द्यायचे. उरलेल्याचे पुन्हा चार भाग. असे करत करत अख्ख्या वाघिणीची एक कापडी पिशवी उरे, तिच्या गळ्यात वजन लिहिलेली चिठ्ठी बांधली जाई, आणि ती पिशवी प्रयोगशाळेत जमा होई. आईने निवडलेल्या तुरीच्या डाळीवर बाबांनी एकदा आम्हाला हे करून दाखवले होते. पट्टीऐवजी फुटपट्टी घेतली होती. “ढिगाऱ्यात जे आहे तेच पिशवीत आलं पायजे,” ते म्हणाले होते. “आपल्या मनात आहे ते नाही.” आई म्हणाली होती, “डाळ सांडली ते भरा आधी, मंग शिकवा.”

नागपूरला दीक्षा घेऊन आम्हाला तेव्हा फार वर्षे झाली नव्हती. आईने देव्हाऱ्यातले टाक फडक्यात बांधून नदीत सोडले होते आणि मोकळ्या फळीवर बुद्धाची तसबीर ठेवली होती. बाबांनी घेतलेल्या प्रतिज्ञा ते मोजमापाच्या कामासारख्या पाळत. नवस, अंगारा, भूत, आत्मा, स्वर्ग हे शब्द घरात येत नसत. आले तर बाबा रागावत नसत, शांतपणे “कोणं पाह्यलं?” एवढे विचारत. त्या प्रश्नापुढे काहीच टिकत नसे.

भट्टी पेटली त्या वर्षीच्या वैशाखात आईला ताप आला. क्वार्टरच्या भिंतींचा चुना अजून नवा होता. तापलेल्या दुपारी त्याचा कोरडा, जिभेला चरचरणारा वास येई, आणि आईच्या कपाळावरच्या घडीचे पाणी वाळले की तिथेही तोच वास राही. आठव्या दिवशी बाबा दवाखान्यातून एकटे परतले. पांढरे कपडे घातलेली माणसे जमली. वंदना झाली. मेणबत्तीच्या ज्योतीला उन्हात रंग नव्हता, हे मला आठवते.

त्यानंतरच्या दहाव्या दिवशी शेजारच्या काकू कुंपणाशी आल्या. त्या वर्ध्याकडच्या, त्यांचे यजमान कारखान्याच्या कचेरीत कारकून. मनाने मऊ, जिभेने तिखट.

“आज दहावा नं, भाऊजी? पिंड ठेवला का नाही?”

“आमी ते नाही करत आता, वहिनी.”

“अन् कावळा शिवल्याबिगर कळन कसं? तिचं काई मन अडकलं असन मागं तर?”

“मागं या दोघी राहिल्या,” बाबा म्हणाले. “ते कावळ्याले काय इचारायचं?”

काकू पदराने नाक पुसत परत गेल्या. बहीण दारातच उभी होती. ती बाबांच्या गुडघ्याशी आली.

“बाबा, आई कुठी गेली?”

मला वाटले, आता तरी ते काही रचून सांगतील. इतर घरांत सांगतात तसे, चांदणीत गेली, देवाकडे गेली.

“कुठीच नाही गेली, माय. नाही राहिली.”

“मंग केव्हा राहीन?”

“आता नाही राहणार.”

बहिणीने यावर बराच वेळ विचार केला. मग ती आत गेली, चुलीपुढच्या पाटाजवळ बसली आणि बोलायची थांबली. रडली नाही, हट्ट केला नाही. भरवले तर खाई, उठवले तर उठे. घरातून एक वाहता आवाज बंद झाला, आणि तो बंद झाल्यावर मला प्रथम कळले की यंत्रांची धडधड आमच्या फरशीतूनही येते.

मला काय झाले होते, ते नीट सांगता येत नाही. फार वेळ दुमडून ठेवलेला पाय आपला वाटेनासा होतो. बोट लावले तर लावल्याचे समजते, पण कोणाला लावले ते समजत नाही. तसे सगळ्या अंगाचे झाले होते. इंद्रिये मात्र चोख चालत. पोळीवर बसलेल्या तांबड्या धुळीची लोखंडी चव, बाबांच्या सदऱ्याचा कोळशाचा आणि घामाचा वास, दोरीवर वाळणाऱ्या आईच्या पातळाचा फडफडाट. ते पातळ कोणी आत घ्यावे हे न ठरल्यामुळे पुष्कळ दिवस दोरीवरच राहिले. हे सगळे माझ्यापर्यंत येई आणि उंबऱ्याशी थांबे.

जूनमध्ये माझी शाळा सुरू झाली. बहीण दिवसभर काकूंच्या ओट्यावर बसू लागली. कारखान्याच्या डॉक्टरांनी तिचा घसा पाहिला आणि दोष काही नाही म्हणून सांगितले. एका संध्याकाळी मी भांडी घासत असताना कुंपणाशी झालेले बोलणे मला ऐकू आले.

“दिवसभर मी बोलून राहिली भाऊजी, एकटीच,” काकू सांगत होत्या. “भिंतीलेही दया आली असती. ही पोट्टी निरा टुकुरटुकुर पाह्यते. काल मी म्हटलं, अवं शिवी तरी दे मले! तं नाही.”

“दसऱ्याले हिचा मामा नागपूरले येते,” बाबा म्हणाले. “मी त्याले लिहिलं. तोपर्यंत बोलली तर ठीक. नाही तं इकडं येऊन घेऊन जाईल भंडाऱ्याले. मामीजवळ लेकरं आहेत, ढोरं-वासरं आहेत. तिथं बोलन.”

“अन् बोलली तर?”

“बोलली तर कावून पाठवू? लेकरू माहं आहे.”

हे ऐकताना माझ्या हातात राखेने घासलेले पातेले होते. दसऱ्याला चार महिनेही नव्हते. ती गेली तर या दोन खोल्यांत मी उरणार होते आणि ही फरशी. इतर काही आत शिरत नव्हते, पण हे शिरले.

दुसऱ्या दिवसापासून मी तळवट सांगायला सुरुवात केली. शाळेतून आल्यावर आम्ही मागच्या दाराच्या सिमेंटच्या पायरीवर बसत असू. पुढे जिथे सिव्हिक सेंटरची दुकाने उभी राहिली, तिकडून ट्रक मुरूम टाकून रिकामे परतत, आणि त्यांच्या मागे उडालेली धूळ आमच्या गुडघ्यांवर येऊन बसे. मी त्या धुळीतच बोटाने तळवटाचा नकाशा काढी. आईला कुठे पाठवायचे याचे उत्तर आमच्या घरात नव्हते. स्वर्ग मला नेता येत नव्हता, कारण ‘कोणं पाह्यलं’ याचे उत्तर मला देता आले नसते. म्हणून मी देव नसलेला मुलूख केला, आणि त्यात आईलाही ठेवले नाही. ती नाही राहिली, हे मी तिथेही पाळले. तिचा फक्त हूं तिथल्या दगडात असू शकतो, एवढीच सवलत मी घेतली.

बहीण ऐकत असे. ऐकताना तिच्या पापण्या स्थिर होत. पण हूं देत नसे. मी वाक्याच्या शेवटी थांबे, तिथे खड्डा पडे, मी तो ओलांडून पुढे जाई. हुंकारीविषयी मी प्रथम सांगितले त्या दिवशी मात्र तिने हात पुढे केला. तळवा वर, बोटे किंचित दुमडलेली.

“एवढ्यात कशी भेटन?” मी म्हटले. “डोंगरभर खोदलं तर एक.”

तिने हात मागे घेतला नाही. रोज पायरीवर बसल्यावर ती आधी तळवा पसरी, मी नाही म्हणे, आणि मग ती तो मांडीवर तसाच उघडा ठेवून ऐकत राही. पावसाळा सरत आला. काकूंच्या परसात शेवंतीला कळ्या धरल्या. दसरा जवळ आला.

शनिवारी प्रयोगशाळा दुपारी बंद होत असे. पिशव्या त्याआधी जमा करायच्या, आणि जमा करायला रांगेत थांबावे लागे. आई असताना बाबा थांबत. त्या पावसाळ्यात ते एकदोनदा पिशवी सायकलला बांधून थेट घरी आले, कारण आम्ही दोघी एकट्या होतो. सोमवारी सकाळी नेऊन देत. नियमात हे बसत नव्हते, आणि बाबा नियमाबाहेर गेलेले मी दुसऱ्या कुठल्या गोष्टीत पाहिलेले नाहीत.

दसऱ्याच्या तीन आठवडे आधीच्या रविवारी बाबा वंदनेला दुसऱ्या सेक्टरात गेले होते. पिशवी खाटेखाली होती. मी ती ओढली, गाठ सोडली आणि हात आत घातला. सुपारीएवढे, आवळ्याएवढे तांबडे-तपकिरी तुकडे, बोटांना पूड लागत होती. तळाशी हाताला काहीतरी थंड लागले. लिंबाएवढा, काळा, कडेने रुपेरी पापुद्र्यांचा. मी तो दाराच्या उजेडात धरला आणि माझ्या बोटांचा अस्पष्ट काळोखा आकार मला त्यात दिसला.

मला माहीत होते की हे लोहखनिज आहे. असे चकाकणारे तुकडे राजहऱ्याच्या मालात अधूनमधून येतात, हे बाबांनीच सांगितले होते. आणि मला हेही माहीत होते की ही हुंकारी आहे. या दोन्ही गोष्टी माझ्या मनात शेजारी शेजारी बसल्या आणि भांडल्या नाहीत.

चिठ्ठीवर वजन होते. नमुने घेणाऱ्याची मुलगी असल्यामुळे वजन कमी भरलेले चालणार नाही, हे मला कळत होते. मी काकूंकडे गेले.

“काकू, तराजू द्या नं.”

“कायले वं? दुकान टाकून राहिली का?”

“खेळाले.”

“खेळाले म्हणशीन तं नाही देणार. डाळ मोजाले म्हण.”

“डाळ मोजाले.”

“खोटारडी,” त्या म्हणाल्या आणि तराजू दिला. “दांडी वाकवशीन तं तुह्या बापाले सांगीन.”

एका पारड्यात मी खडा ठेवला. दुसऱ्यात अंगणातला मुरूम टाकत गेले, पिशवीतल्या मालाशी रंग जुळेल असे लाल लाल खडे निवडून. खनिज जड असते. त्या एका खड्याला समतोल करायला खूप मुरूम लागला. काटा मधोमध आला, तेव्हा मी श्वास सोडला. मुरूम पिशवीत घातला, हलवून मिसळला, गाठ होती तशी बांधली. कुठेही चूक राहिली नाही याची मला खात्री होती.

मग मी खडा बहिणीच्या तळव्यावर ठेवला.

तिचा हात वजनाने खाली गेला आणि पुन्हा वर आला. तिने मूठ मिटली. एका हातात मावेना म्हणून दुसरा हात वरून ठेवला. उठली, आणि पाण्याच्या पिंपामागे, जिथे ओल आणि शेवाळ्याचा वास होता, तिथे जाऊन बसली. मी भिंतीच्या अलीकडे उभी राहिले.

पिंपातून थेंब गळत होता. मग चार महिने न वापरलेला, गंजलेला आवाज आला.

“आज वरणात मीठच नोतं.”

थेंब.

“हूं.”

“ताईनं टाकलंच नाही. बाबांनं तसंच खाल्लं. काई बोलले नाही.”

“हूं.”

तो दुसरा हूं नाकातून निघाला होता आणि शेवटी किंचित वर चढला होता. हसू येत नव्हते, रडू येत नव्हते. खनिज काम करत आहे, एवढेच मला वाटले, जसे यंत्राचे चाक फिरू लागलेले पाहून वाटते.

त्या रविवारी दिवेलागणीला आम्ही जेवायला बसलो. बाबांनी तिला भात वाढला.

“अजून,” ती म्हणाली.

बाबांचा डाव हवेत राहिला. मग त्यांनी भात वाढला, पुन्हा वाढला, ताटाच्या कडेपर्यंत.

“इतका नाही!”

“मंग किती, माय?”

“मघाशी कमी होता, आता लय झाला. तुमाले वाढताच नाही येत.”

बाबा खाली ताटाकडे पाहत राहिले. त्यांचे खांदे हलत होते. वर पाहिले तेव्हा ते हसत होते. जेवण झाल्यावर त्यांनी मामाला कार्ड लिहिले आणि ते आम्हाला वाचून दाखवले: पोरगी बोलायला लागली, न्यायला येऊ नये. बोलली कशी, हे त्यांनी मला विचारले नाही, आणि मी सांगितले नाही. कार्ड त्यांनी सदऱ्याच्या खिशात घातले, सकाळी टाकायचे म्हणून.

सोमवारी बाबा भर दुपारी घरी आले. शाळेला त्या दिवशी सुटी होती. काकू ओट्यावरून ओरडल्या, “भाऊजी, इतक्यात? भट्टी विझली का काय?” बाबांनी सायकल भिंतीला लावली, आत आले आणि माझ्यासमोर पाटावर बसले.

“पिशवी कोणं उघडली होती?”

“मी.”

“काय काढलं?”

“एक खडा.”

“अन् टाकलं काय?”

“मुरूम. पण वजन बरोबर केलं होतं, बाबा. काकूच्या काट्यावर.”

त्यांनी डोळे मिटले. “वजन बरोबर होतं,” ते म्हणाले. “तेच तं झालं. लॅबमधल्या रशियन बाईनं पिशवी ट्रेमधी ओतली, अन् चिमट्यानं मुरमाचे खडे वेचून बाजूले ठेवले, तांदळातले वेचावे तसे. वजन कमी असतं तं म्हणता आलं असतं, सांडलं. मुरूम जास्तीचा असता तं म्हणता आलं असतं, रस्त्यात पडला. पण वजन बरोबर होतं. म्हणजे कोणं तरी समजून-उमजून काढलं, अन् समजून-उमजून भरलं. साहेब म्हणते, हे काम जाणणाऱ्याचंच आहे.”

मी उभीच होते. त्यांच्या बोलण्यातला प्रत्येक शब्द मला समजत होता.

“त्यायले वाटते मी माल बदलला,” बाबा म्हणाले. “खडा कुठी आहे?”

मी पिंपाकडे पाहिले. बहीण तिथून आधीच बाहेर आली होती, दोन्ही हात छातीशी. ती बाबांसमोर येऊन उभी राहिली. बाबांनी हात पुढे केला नाही. ते तिच्या मुठींकडेच पाहत होते. खिशातल्या कार्डाचा कोपरा सदऱ्याबाहेर आला होता. हा खडा घेतला तर काय होईल, हे त्यांना मीच त्या घडीला सांगितले. भरभर, अडखळत, सगळे सांगितले. तळवट, हुंकारी, आईचा हूं. “नेऊ नका बाबा,” मी म्हटले. “नेला तं ही परत बोलणार नाही.”

बाबांनी ऐकून घेतले. मग ते बहिणीला म्हणाले, “माय, हा लोखंडाचा गोटा आहे. तुही आई याच्यात नाही.”

“मले माहीत आहे,” बहीण म्हणाली.

“कोणं सांगितलं?”

“कोणं कायले सांगन? हूं मीच म्हणते.” तिने मूठ उघडून खडा त्यांच्या हातावर ठेवला. “ताईले वाटते गोटा म्हणते. तिले सांगू नका.”

मी त्यांच्यापासून दोनच हातांवर उभी होते.

बाबा खडा रुमालात बांधून परत गेले. साहेबांना त्यांनी सगळे खरे सांगितले. पिशवी दोन दिवस घरी होती, ती चूक आपली. खडा मुलीने काढला, वजनही तिनेच केले. साहेबांनी विश्वास ठेवला. “साहेब वाईट नाही,” बाबा संध्याकाळी काकूंना सांगत होते. “पण नमुन्याचं काम भरोशाचं आहे. पिशवी घरी नेणाऱ्याले ते देता येत नाही. मी असतो तं मीही नसतं देलं.” त्यांची बदली खनिजाच्या यार्डात झाली. तिथे तीन पाळ्या होत्या, आठवड्याला बदलणाऱ्या. म्हणजे दर तिसऱ्या आठवड्यात सगळी रात्र बाहेर.

“दोघीले मी झोपवतो नं माह्याकडं,” काकू म्हणाल्या. मग त्यांनी आत, आपल्या घराच्या दाराकडे पाहिले. तिथे त्यांच्या सासूबाई वाती वळत बसल्या होत्या. दिवसा ओट्यावर बसणे वेगळे होते आणि रात्री घरात अंथरूण पडणे वेगळे. काकूंनी पदर तोंडाशी नेला. बाबाच म्हणाले, “नाही वहिनी, कशाले तुमाले तरास. मोठी राहते घरी, कडी लावून. लहानीचं काही जमणार नाही.”

कार्ड पेटीत पडले नाही. त्याच्या जागी दुसरे गेले.

मामा दसऱ्यानंतर तिसऱ्या दिवशी आला. दोघांना पोचवायला दुर्ग स्टेशनावर आम्ही सगळे गेलो. फलाटावर तळलेल्या वड्यांचा वास होता आणि वाफेच्या इंजिनाचा ओला, गंधकट धूर. बहिणीला नवा परकर शिवला होता. ती मामाच्या खांद्यावरून सलग बोलत होती. डबा इतका उंच का, रूळ कोण धुते, भंडाऱ्याला म्हैस आहे का गाय, म्हैस असेल तर तिचे नाव मी ठेवीन.

“मुकी म्हणे!” मामा हसत म्हणाला. “दाजी, तुमी मले फसवलं. ही तं वकिलीन आहे. मामी कानात बोळे घालून बसन.”

बाबाही हसले. बहीण खिडकीत बसली, मला म्हणाली, “ताई, दुपारी पायरीवर नको बसू, ऊन राह्यते.” मी मान हलवली. माझ्या तोंडात जीभ होती, आणि ती माझी आहे असे मला वाटत नव्हते. गाडी हलली. ती हात हलवत होती, मीही हलवला. शेवटचा डबा गेल्यावर रूळ काही वेळ थरथरत राहिले, तेही मी पाहिले.

ती तिकडेच वाढली. तिकडच्या शाळेत गेली, उन्हाळ्यात पंधरा दिवस आमच्याकडे येई, आणि दुसऱ्याच वर्षी बोलता बोलता मामीला आई म्हणून गेली. म्हणून गेल्यावर थांबली नाही, पुढचे वाक्य बोलत राहिली. बाबांनीही ते ऐकले. यात वाईट काही नव्हते. मामीने तिला पोटच्या मुलींपेक्षा कमी कधी केले नाही.

ती गेली त्या वर्षी थंडी लवकर आली. एका दुपारी बाबा दुसऱ्या पाळीला निघण्याच्या तयारीत अंगणात सायकलला तेल देत होते. मी त्यांचा डबा घेऊन बाहेर आले. डबा त्यांच्या हातात देताना मी विचारले. तोवर ते विचारायचे आहे हे मला माहीत नव्हते.

“बाबा, मी खडा काढला नसता, तर ती राहिली असती?”

“खडा काढला नसता तं ती कधी बोलली असती, कोणाले माहीत,” ते म्हणाले.

“दसऱ्याच्या आधी आपोआप बोलली असती तर?”

त्यांनी तेलाची कुपी खाली ठेवली. चिंधीने बोटे एकेक करून पुसली. त्यांच्याकडे त्या क्षणी दुसरे एखादे उत्तर असावे असे मला वाटले होते. बाप मुलीला देतो तसले.

“डॉक्टर म्हणत होता, बोलन. वेळ लागन, पण बोलन,” ते म्हणाले. “मी त्याच भरोशावर होतो. तं राहिली असती. हो.”

मग त्यांनी डबा दांडीला अडकवला, चाकातली हवा अंगठ्याने दाबून पाहिली आणि भोंगा होण्याआधी फाटकापर्यंत पोचायचे म्हणून निघाले. मी आत येऊन कडी लावली. रात्री अकरापर्यंत कोणी येणार नव्हते. मी वह्या काढल्या आणि उद्याचा गृहपाठ पूर्ण केला, सगळाच्या सगळा, सुवाच्य अक्षरात.